रॅसमध्ये नर कोण, मादी कोण, आणि आपल्या टँकमध्ये नर कसा होऊ द्यायचा

मरीन टँकवाला रॅस (प्रवाळावर राहणारे रंगीत समुद्री मासे) घ्यायला गेला की पहिला प्रश्न ठरलेला, पेअर, म्हणजे नर-मादीची जोडी, मिळेल का? आणि दुकानदाराचं उत्तरही ठरलेलं, मिळेल ना, का नाही मिळणार. मग एक भडक रंगाचा आणि एक फिकट असे दोन मासे पिशवीत येतात, आणि कधी कधी ते दोघं एका जातीचेसुद्धा नसतात, कारण फेअरी रॅसच्या माद्या एकमेकींसारख्या इतक्या दिसतात की एक्सपोर्टरच्या यादीत पण त्या नुसत्या "फिमेल, असॉर्टेड" म्हणून येतात. म्हणून आधीच सांगतो, रॅस पाळायचे असतील तर नर शोधत फिरू नका. एका जातीच्या, लहान, वेगवेगळ्या साइझच्या माद्या मिळवा, नर त्यांच्यातूनच निघतो. कसा निघतो, कधी निघत नाही आणि कधी नको तेवढे निघतात, ते खाली लिहिलंय.

थोडी थिअरी घ्यावीच लागेल. रॅस म्हणजे लॅब्रिडे कुटुंब, पाचशेच्या वर जाती, आणि टँकमध्ये येणाऱ्या जवळजवळ सगळ्या जाती आधी मादी आणि मग नर अशा क्रमाने जातात. क्लाउनफिश म्हणजे आपला निमो बरोब्बर उलटा, तिथे आधी नर आणि जोडीतला मोठा तो मादी. क्लाउनवरून रॅसकडे येणाऱ्यांचा इथेच गोंधळ होतो, ते मोठ्या माशाला मादी समजून बसतात. रॅसमध्ये मोठा, रंगीत आणि दादागिरी करणारा तो नर.

आता दोन शब्द लक्षात ठेवा, इनिशियल फेज आणि टर्मिनल फेज. साधा, फिकट किंवा माद्यांसारखा रंग म्हणजे इनिशियल फेज, आणि पूर्ण वाढलेल्या, सत्ता हातात असलेल्या नराचा भडक रंग म्हणजे टर्मिनल फेज. इथे एक गोम आहे जी दुकानात कोणी सांगत नाही. इनिशियल फेज म्हणजे मादीच असं नाही. काही जातींमध्ये सगळे नर आधी माद्या असतात, दुसऱ्या माशांच्या अंगावरचे परजीवी खाणारा क्लीनर रॅस त्यातला. पण कॅरिबियनमधल्या ब्लूहेड रॅससारख्या जातींमध्ये थोडे मासे जन्मापासूनच नर असतात आणि दिसायला मात्र हुबेहूब माद्यांसारखे पिवळे, ते गर्दीत घुसून मोठ्या नराच्या नाकावर टिच्चून आपले शुक्राणू सोडून जातात. आपल्याकडे लक्षद्वीपपासून सगळीकडे दिसणारा मून रॅस, थॅलासोमा लुनारे, त्याच प्रकारचा आहे. म्हणजे थॅलासोमा घेताना रंगावरून मादी म्हणून आणलेला मासा मादी असेलच याची गॅरंटी कोणीही देऊ शकत नाही, मी तर नाहीच देणार.

दुकानात काय बघायचं

सगळ्यात आधी दुकानदाराला निळी लाइट बंद करून पांढरी लावायला सांगा. निळ्या लाइटमध्ये प्रत्येक फेअरी रॅस टर्मिनल मेल, म्हणजे टर्मिनल फेजमधला नर, दिसतो, आणि नेटवरचे फोटो पण तसेच काढलेले असतात.

फेअरी रॅस, म्हणजे सिरहिलाब्रस. पिल्लं आणि लहान माद्या लालसर किंवा गुलाबी, अंगावर बारीक फिक्या रेघा, आणि शेपटीच्या बुडाशी वरच्या बाजूला एक काळा ठिपका. हा ठिपका कितीतरी जातींत असतो, त्यामुळे त्यावरून "हा लहान आहे किंवा मादी आहे" एवढंच कळतं, जात कळत नाही. जात ओळखायला त्याच पेटीत त्याच शिपमेंटमधून आलेला मोठा नर असेल तर तो बघा, आणि कुठून आला ते विचारा, मालदीवचा, श्रीलंकेचा, इंडोनेशियाचा की फिलिपिन्सचा, कारण जागा कळली की अर्ध्या जाती आपोआप बाद होतात. हे किती अवघड आहे याचं उदाहरण आपल्या शेजारचंच. मालदीवमधला एक देखणा गुलाबी फेअरी रॅस वर्षानुवर्षं त्याच्या दक्षिणेच्या चागोस बेटांवरच्या रुब्रिस्क्वामिस याच जातीचा समजला जात होता आणि हॉबीत विकलाही जात होता, २०२२ मध्ये तो वेगळा आहे हे ठरलं आणि सिरहिलाब्रस फिनिफेन्मा असं नाव मिळालं, आणि ते नाव देणाऱ्यांत अहमद नजीब हे मालदीवचेच संशोधक होते. शास्त्रज्ञांना एवढा वेळ लागला तर दुकानातल्या पोऱ्याकडून काय अपेक्षा करणार.

नर होत आलेल्या फेअरीत काय दिसतं, तर चेहऱ्यावर रेघा किंवा रंगाचे पट्टे स्पष्ट होतात, पोटाखालचे पंख लांब होतात, पाठीवरचा पंख उंच होतो किंवा त्यावर रंग भरतो, आणि तो शेपटीजवळचा ठिपका फिका होत जातो. अर्धवट बदललेला मासा दुकानात सगळ्यात कुरूप दिसतो, ना इकडचा ना तिकडचा, आणि म्हणूनच कोणी घेत नाही. मला विचाराल तर तो घ्या.

फ्लॅशर रॅस, पॅराचायलिनस, हे लहान, सात-आठ सेंटीमीटरचे. ह्यांच्यात ओळख सोपी, नराच्या पाठीच्या पंखातून लांब दोरे निघतात, मॅककॉस्कर्स या जातीला एक, फिलामेंटोसस या जातीला बरेच. मादी लाल-केशरी, बारीक रेघांची, दोरा नाही. पण प्रवासात दोरा तुटलेला असू शकतो हे डोक्यात ठेवा.

लेपर्ड रॅस म्हणजे मॅक्रोफॅरिंगोडॉन. इथे गंमत अशी की बरेचजण मादीच्याच प्रेमात पडतात. मेलियाग्रिस या जातीची मादी पांढुरकी, अंगभर काळे वेडेवाकडे ठिपके, बिबट्यासारखी. ती नर झाली की केशरी-विटकरी होते आणि अंगावर हिरवट ठिपके येतात, आणि मालक म्हणतो अरे माझा मासा बिघडला. हिंद महासागरातल्या बायपार्टायटस या जातीतही तसंच, मादीची छाती काळी आणि त्यावर निळे तुषार, नर झाल्यावर लालसर अंगावर हिरवट रेघांची जाळी. तुम्हाला मादीचाच रंग हवा असेल तर एक साधा उपाय पुढे सांगतो.

हॅलिकोरेस हा रॅसचाच आणखी एक गट, त्यातला पिवळाधमक क्रायसस, ज्याला सगळे यलो कोरिस म्हणतात, त्याच्या पिल्लांना आणि माद्यांना पाठीच्या पंखावर दोन-तीन काळे ठिपके असतात, पूर्ण नरात सहसा पुढचा एकच उरतो आणि डोक्यावर हिरवट रेघा दिसायला लागतात. त्याच गटातल्या मेलॅन्युरसमध्ये मादीच्या पंखावर डोळ्यासारखा ठिपका असतो, तो नरात जातो आणि अंगावर उभे हिरवे पट्टे येतात. बर्ड रॅस तर असा की पॅसिफिकमधल्या जातीत मादी पुढून पांढरी मागून काळी आणि नर निळा-हिरवा, एवढा फरक की जुन्या काळी नराला गोम्फोसस ट्रायकलर म्हणून वेगळी जातच मानलं होतं. पण तो फूटभर होतो, चार फुटी टँकमध्ये त्याचं काही खरं नाही.

सिक्स लाइन रॅसमध्ये दिसण्यावरून काही कळत नाही, सोडून द्या. क्लीनर रॅसमध्येही नर-मादी दिसायला सारखेच. आणि कोरिस गायमार्डचं लालभडक, पांढऱ्या डागांचं पिल्लू मोठं होऊन वेगळंच दिसतं तो वयाचा फरक, लिंगाचा नाही, शिवाय ते ४० सेंटीमीटरपर्यंत जातं.

बदल होतो कशामुळे

रॅसमध्ये नर होण्याचा हक्क वयापेक्षा साइझ आणि संगत ठरवते. सरकारी ऑफिसातली सिनिऑरिटी लिस्ट डोळ्यासमोर आणा, वरचा गेला की त्याच्या खालची सरकते, आणि बाकीच्या एकेक पायरी वर. क्लीनर रॅसवर रॉबर्टसन या संशोधकाने ऑस्ट्रेलियाच्या ग्रेट बॅरियर रीफवर हेरॉन आयलंडला जे काम केलं आणि १९७२ मध्ये छापलं त्यात हे लख्ख दिसलं. एका नराच्या हद्दीत साधारण तीन ते सहा माद्या. नर काढून घेतला की दीड-दोन तासांत सगळ्यात मोठी मादी नरासारखी हद्दीची राखण करायला लागते, आणि १४ ते १८ दिवसांत ती शुक्राणू सोडू शकते. मात्र त्या दीड-दोन तासांत शेजारचा नर घुसला आणि त्याने ताबा घेतला तर ती मादीच राहते. म्हणजे नर हजर असेल तर तो नुसत्या दादागिरीने माद्यांना माद्या ठेवतो.

ब्लूहेडमध्ये वागणं तर काही मिनिटांत ते तासांत बदलतं, शुक्राणू आठ-दहा दिवसांत, आणि पूर्ण रंग तीनेक आठवड्यांत. आतमध्ये काय होतं तर अरोमाटेज नावाचं एन्झाइम, जे इस्ट्रोजेन बनवून मादीपण टिकवतं, त्याचं काम बंद पडतं, आणि नराचं हार्मोन वाढतं. २०१९ मध्ये आलेल्या ब्लूहेडच्या अभ्यासात हे जनुकांच्या पातळीवर पायरी-पायरीने दाखवलंय. आणि त्याआधी, १९९६ मध्ये, अंडाशय काढून टाकलेल्या माद्यासुद्धा मोठा नर हटवल्यावर नरासारख्या वागायला लागल्या होत्या. म्हणजे वागणं मेंदूतून येतं, गोनाड (अंडाशय किंवा वृषण) मागून येतो. हे मुद्दाम सांगतोय कारण टँकमधली मोठी मादी दुसरीला पाठलाग करून दमवायला लागली की लगेच "झाला मेल" अशी घोषणा करायची घाई करू नका, नुसतं डोकं फिरलंय, शरीर अजून वाटेवर आहे.

ग्रुप कसा लावायचा

फेअरी आणि फ्लॅशरसाठी तीन मासे हा बरा आकडा, टँक चार फुटी आणि अडीचशे-तीनशे लिटर तरी, फ्लॅशरला थोडं कमी चालतं. तिघांच्या साइझमध्ये डोळ्यांनी कळेल एवढा फरक हवा. दोन सारख्या साइझच्या माद्या आणल्या तर आपसात ठरायला वेळ लागतो, भांडणं लांबतात, आणि कधी कधी दोघीही नर व्हायला निघतात. मोठी एक, आणि दोन तिच्यापेक्षा चांगल्या लहान, असं घ्या. सगळ्या एकत्र सोडता आल्या तर उत्तम. नसेल जमत तर लहान आधी, मोठी शेवटी. तयार टर्मिनल मेल घेतलाच असेल तर तो सगळ्यात शेवटी जाणार, आधी तो गेला तर पूर्ण टँक त्याची हद्द होते आणि नंतर आलेल्या मादीला तो बायको न समजता घुसखोर समजतो.

सोडण्याआधी क्वारंटाइन करा, म्हणजे काही दिवस वेगळ्या टँकमध्ये ठेवा, आणि लेपर्ड, हॅलिकोरेस, कोरिस, अनॅम्पसिस हे वाळूत झोपणारे आहेत त्यांच्यासाठी क्वारंटाइनमध्ये एक प्लॅस्टिकचा डबा बारीक वाळूने भरून ठेवाच, मेन टँकमध्ये पाचेक सेंटीमीटर वाळू. फेअरी, फ्लॅशर, सिक्स लाइन हे दगडाच्या खाचेत चिकट कोष विणून झोपतात, त्यांना वाळू नसली तरी चालतं. नवीन लेपर्ड आल्या आल्या वाळूत जाऊन चार-पाच दिवस दिसला नाही तर उकरू नका. तो त्याच्या जुन्या समुद्राच्या वेळेवर चालतोय, हळूहळू आपल्या लाइटच्या वेळेवर येतो.

मेन टँकमध्ये सोडताना भोकांचा पारदर्शक डबा आत लटकवून नवीन माशाला तीन-चार दिवस त्यात ठेवा, जुने बाहेरून बघून बघून कंटाळतात. जुना नर फारच चवताळला तर बाहेरून काचेला आरसा लावायची युक्ती आहे, तो प्रतिबिंबाशी भांडण्यात गुंततो. फार दिवस नाही चालत. (क्लीनर रॅसवर तर अजिबात भरवसा नको, जपानमध्ये ओसाकाच्या संशोधकांनी २०१९ मध्ये दाखवलं की तो आरशात आपल्या गळ्यावरचा डाग बघून तो घासून काढायला जातो, म्हणजे समोर कोण आहे हे त्याला कळतं असं दिसतंय.)

आणि झाकण. नर-मादीच्या पाठलागात रॅस उड्या मारतात, ह्यात अपवाद नाही, पाच-सहा मिलिमीटरची जाळी पूर्ण टँकवर, वायरसाठी ठेवलेल्या कोपऱ्यातल्या फटीसकट. मासा बरोब्बर तीच फट शोधतो.

खाणं दिवसातून दोन-तीन वेळा, थोडं थोडं, फ्रोझन मायसिस (छोटे कोळंबीसारखे जीव) वगैरे, लेपर्डला टँकमध्ये जिवंत कोपेपॉड्स (पाण्यातले अगदी बारीक कवचधारी जीव) असलेले बरे. खाण्याचा इथे थेट संबंध आहे. मोठीने सगळं हडप केलं तर साइझमधला फरक वाढतो आणि तुमचा क्रम पक्का होतो, जे आपल्याला हवंच आहे, पण लहानीची डोक्यामागची पाठ आत गेलेली दिसली तर टँकच्या दुसऱ्या टोकाला वेगळं टाका. मुंबई-पुण्याकडे एप्रिल-मेमध्ये चिलर (पाणी थंड करणारं यंत्र) नसेल तर पाणी तिशीच्या वर जातं, मासे दमतात, खाणं सुटतं, आणि मग कसला बदल आणि कसलं काय. २५-२६ डिग्रीला ठेवा, आणि लाइट गेल्यावर चालेल असा बॅटरीवरचा एअर पंप घरात असू द्या.

बदल कसा ओळखायचा

रोज बघणाऱ्याला काही कळत नाही. आठवड्यातून एकदा, पांढऱ्या लाइटमध्ये, माशाच्या एकाच बाजूचा फोटो काढून ठेवा. क्रम साधारण असा, आधी वागणं, म्हणजे बाकीच्यांसमोर पंख ताणून आडवं उभं राहणं, संध्याकाळी लाइट मंद होताना झटके देत वर-खाली पळणं, मग चेहऱ्याचे रंग, मग पंख, आणि सगळ्यात शेवटी अंगाचा पूर्ण रंग. समुद्रात ब्लूहेडला तीन आठवडे लागतात म्हणून घरच्या फेअरीकडून तशी अपेक्षा करू नका, काही आठवडे ते काही महिने, मासा लहान असेल तर आधी त्याला वाढायलाच वेळ लागतो. फ्लॅशर चमकायला लागला, म्हणजे क्षणभर अंगातून निळी वीज गेल्यासारखा रंग फेकायला लागला, की समजा काम झालं. संध्याकाळी नर-मादी जोडीने झपकन पृष्ठभागाकडे उसळताना दिसले तर ती अंडी सोडणं चाललंय, ती अंडी तरंगती असतात आणि ओव्हरफ्लोत, म्हणजे टँकचं पाणी फिल्टरकडे उतरतं त्या वाटेत, जातात, त्यातून पिल्लं काढणं हा घरच्या माणसाचा उद्योग नाही.

एकटा नर आणला आणि सहा महिन्यांत त्याचे रंग उडाले ही तक्रार फेअरीवाल्यांची नेहमीची. त्याला कोणासमोर मिरवायचंच नसेल तर तो रंग कशाला सांभाळेल. माद्या आणा, किंवा दुसऱ्या जातीचा फेअरी नर आणा, रंग बऱ्यापैकी परत येतात. पण एकाच जातीचे दोन टर्मिनल मेल एका टँकमध्ये नकोत, मग टँक सहा फुटी असला तरी. क्लीनर रॅसमध्ये दोन नर एकत्र ठेवले तर लहान नर पुन्हा मादी होतो हे जपानी संशोधकांनी दाखवलंय, त्याला दोनेक महिने लागतात, पण तो पुरावा घेऊन आपल्या टँकमध्ये दोन फेअरी नर सोडले तर लहान नराला दोन महिने मिळतच नाहीत, आठवड्यात त्याच्या पंखांच्या चिंध्या होतात.

उलटी तक्रार पण ऐकायला मिळते, तीन माद्या आणल्या आणि वर्षभरात तिन्ही नर झाल्या. भरपूर खाणं, दगडांच्या आडोशामुळे एकमेकींची नजर नाही, आणि वरचढ कोणी नाही, असं असलं की हे होतं. एक नर पक्का झाला आणि तो टँकभर फिरताना सगळ्यांना दिसत राहिला तर बाकीच्या जास्त काळ माद्या राहतात, कायमच्या राहतील असं नाही. आणि लेपर्डची मादी मादीच ठेवायची असेल तर तोच उपाय, तिच्यापेक्षा मोठा त्याच जातीचा नर बरोबर असू द्या. एकटी ठेवली तरी ती मोठी झाल्यावर नर होऊ शकते.

क्लीनर रॅसबद्दल एवढं लिहिलं म्हणून तो आणायला पळू नका. त्याचं मुख्य अन्न दुसऱ्या माशांच्या अंगावरचे परजीवी, घरच्या टँकमध्ये ते पुरत नाहीत आणि बरेच क्लीनर हळूहळू उपाशी मरतात. त्याचा खेळ लक्षद्वीपला पाण्यात उतरून बघा.

शेवटचं, ग्रुपमधला नर मेला तर काय. लगेच दुसरा नर आणायला जाऊ नका, सगळ्यात मोठ्या मादीवर लक्ष ठेवा. दोन-तीन दिवसांत ती बाकीच्यांना हाकायला लागली, पंख ताणायला लागली, तर तिचं सुरू झालंय, आता बाहेरून नर आणून टाकला तर दोघांची मारामारी. दोन-तीन आठवडे काहीच हालचाल नाही, सगळ्या सारख्याच, तर मग विचार करा, तेव्हाही आधी उरलेल्यांपेक्षा थोडी मोठी मादी मिळते का बघा आणि ती डब्यात लटकवून चार दिवस थांबा.